बिनखांबी सज्ज्याखालचं पान

शेंडोळीच्या टेकडीवर सपाट छताचा, काचेच्या भिंतींचा एक बंगला आहे. त्याचा सिमेंटचा सज्जा चांगला खोलीभर अंगणावर पुढे आलाय आणि खाली एकही खांब नाही. पाहुणे कौतुकाने फोटो काढतात. गावकरी अजून जरा लांबूनच जातात.

सत्तरेक वर्षांपूर्वी तात्यासाहेब नलवड्यांनी हे घर बांधायला काढलं, असं सांगतात. नकाशा मुंबईच्या केकरे नावाच्या आर्किटेक्टचा. तात्यासाहेबांच्या पत्नी भागीरथीबाई यांच्या मनातून हा गृहस्थ पहिल्या दिवशीच उतरला. खांब न घालणारा माणूस सरळ असेलच कसा? त्यात गावात कुजबूज, की असलं काम जीव घेतल्याशिवाय उभं राहत नाही. आणि केकरे तर येताजाता विचारायचा, "सूनबाईंचे दिवस कधी भरतात?" जीव कुणाचा जाणार, ते बाईंनी मनाशी ताडलं. सुनेला त्यांनी बांधकामाकडे फिरकू दिलं नाही.

सज्ज्याचे टेकू काढायच्या सकाळी त्यांनी केकऱ्यांना सगळ्यांदेखत अडवलं. "कुणाचा जीव घ्यायचा ठरवलाय तुम्ही?"

केकऱ्यांना आधी काही उमगेचना. मग ते म्हणाले, "वहिनी, त्या महिन्यातलं कोवळं ऊन कुठवर पोचेल ते बघत होतो. पाळण्याची कडी तिथे बसवायची आहे. वाटेत खांबाची सावली नको."

बाईंना हे काही पटलं नाही. तेव्हा केकऱ्यांनी म्हणे सज्ज्याखाली पाट मांडला आणि त्यावर बसले. "मला इथेच वाढा. काढा रे टेकू!"

टोकाकडून टेकू निघू लागले. कुणीतरी घाईघाईने पानात भात टाकून पळालं. वरणाचं भांडं राहिलं बाईंच्या हातात. माणूस कसाही असो, दारात जेवायला बसलेल्याने कोरडा भात खायचा? बाई चरफडल्या, पदर खोचला आणि सज्ज्याखाली गेल्या. वरण वाढायला वाकल्या, तोच शेवटचा टेकू निघाला.

वरून चिमूटभर सिमेंट वरणात पडलं. बाकी काही नाही. बाईंना रडूच कोसळलं. "थांबा, दुसरं पान आणते," एवढंच त्या म्हणाल्या.

त्यांची नात त्याच घरात, सकाळच्या उन्हातल्या पाळण्यात मोठी झाली. आजही शेंडोळीत स्लॅबचे टेकू निघतात तेव्हा बांधणारा खाली जेवायला बसतो आणि घरची बाई स्वतः वाढते. फक्त वाकण्याआधी ती एकदा वर बघते.