परतकाळ आणि एकच सूर

एका राज्यात हत्ती होते, माणकांची विहीर होती, बोलणारी साळुंकी होती. नव्हता तो फक्त उद्या. म्हणजे आश्विन पौर्णिमेपर्यंत दिवस रीतसर उगवत. त्यापुढचा एकही उगवत नसे.

कारण परतकाळ. ही नगारखान्याची मंत्ररचना एका मांत्रिकाने बांधली होती आणि ती शेवटाकडून आरंभाकडे वाजे. वर्षातल्या सर्वांत लहान दिवशी, दूर गेलेल्या सूर्याला माघारी बोलावण्यासाठी ती एकदा वाजवायची, एवढाच तिचा विधी. "स्वतःसाठी वाजवाल तर काळ महिनाभर माघारी जाईल आणि झाले ते सारे विसराल," असा शाप मांत्रिकाने घालून ठेवला होता. पण राजांना शाप सांगून उपयोग काय?

आश्विन पौर्णिमेच्या दरबारात राजा उदग्रसेन सिंहासनाच्या पायरीवरून पडला. मुकुट घरंगळत दाराशी गेला. दरबार हसला. "परतकाळ वाजवा!" राजा ओरडला. वाजला. सूर्य पश्चिमेकडून वर चढला, मुकुट घरंगळत डोक्यावर गेला आणि भाद्रपदाची पौर्णिमा उजाडली. सगळे विसरले. राजाही विसरला, म्हणून महिन्याने त्याच पायरीवरून पुन्हा पडला. आणि पुन्हा. आणि पुन्हा. किती वेळा सांगू?

मोजत होती एकटी म्हाळसाक्का. नगारखान्यात सगळ्यांच्या मागे बसून ती सुराची सनई धरी. आरंभापासून शेवटापर्यंत एकच सूर, श्वास न तोडता. तो सूर उलटा वाजला तरी तोच, म्हणून काळाला तिला उलटवता येईना. बाकीचे महिनाभर लहान होत, ती महिनाभर म्हातारी. अशा एकशे सात पौर्णिमा झाल्या. दर वेळी सनईवाला शिदोजी नव्याने विचारी, "आक्का, केस कधी गं पिकले?" वर म्हणे, "तुला कसला त्रास? एकच तर सूर!"

तेही तिने सोसले असते. पण तिची सून गोजरा दिवस भरलेली होती. पौर्णिमेच्या सकाळी तिला कळा लागत, सुईण पाणी तापवी आणि दुपारी मेला राजा पडे! एकशे सात वेळा आक्काने नातवंडासाठी तीच कुंची शिवली, एकशे सात वेळा ती उसवून गेली. नातवंडाचे तोंड न बघताच आपण मरणार, या भीतीने तिला अन्न गोड लागेना. सनई टाकावी, तर ती दुसरा कोणी धरील. मग आक्काही विसरेल आणि गोजरासाठी झटायला कोणी उरणार नाही.

सनईवर बसणाऱ्या साळुंकीला सारे आठवत असे. ती म्हणाली, "राजा स्वतः 'वाजवू नका' म्हणेल तेव्हा शाप सुटेल. उपाय तीन. पहिला, पायरी तासून घे."

आक्काने पायरी तासून घेतली. राजा शेल्यात पाय अडकून पडला.

"दुसरा, शेला आखूड कर."

शेला आखूड झाला. राजा सपाट जमिनीवर पडला.

"तिसरा," साळुंकी म्हणाली, "सनई राजाच्या हाती दे. सूर धरील त्याला आठवेल."

"हे आधी का नाही बोललीस, भवाने?"

"तिसरे तिसऱ्यांदाच सांगायची रीत आहे."

"पण मग हा महिना मीच विसरेन. काम झालं की नाही, मला कसं कळावं?"

"नाही कळणार. राजावर विश्वास ठेव."

"त्याच्यावर?" आक्काने कपाळावर हात मारला.

पौर्णिमेला राजा पडला. आक्का पुढे झाली. "महाराज, दात पडले, फुंक पुरत नाही. सूर कोण धरणार?"

"आण इकडे," राजा म्हणाला. "एकच तर सूर!"

आक्काने सनई त्याच्या हाती दिली.

राजाने नगारखान्यात बसून फुंकायला सुरुवात केली. गाल फुगले, डोळे पाणावले, पण सोडता येईना. नगारखान्याच्या खिडकीतून समोरच आक्काचे घर दिसत होते. तापलेले पाणी विहिरीत परत जाताना त्याने पाहिले. अर्ध्या वाटेवर आलेले मूल मागे फिरताना पाहिले. कुंचीचा एकेक टाका उसवला, आणि ती शिवणारी म्हातारी काहीच न आठवता त्याच्या शेजारी बसून होती.

पुन्हा आश्विन पौर्णिमा आली. साळुंकी या खेपेला तिसरा उपाय सांगेना, म्हणून आक्का चरफडत सनई ओली करून बसली. राजा एकेक पायरी जपून उतरला आणि जपत जपतच पडला. दरबार हसला. शिदोजीने सनई ओठांना लावली.

"वाजवू नका," जमिनीवर बसूनच राजा म्हणाला. आणि स्वतःच हसू लागला.

मग तो नगारखान्यात चढून आला. "आक्का, किती वेळा पडलो मी?"

"एकशे दहा वेळा, महाराज," आक्का फणकारली. "तोंडपाठ आहे मला."

"एकशे अकरा. एक तुला ठाऊक नाही. ती माझ्याजवळ आहे." राजाने मान खाली घातली. "जा, घरी जा. तुझी सून वाट बघते आहे."

आक्का धावली. सूर्य पश्चिमेला गेला आणि तिथेच मावळला. दिवेलागणीला मुलगी झाली. आक्काने तिला कुंची घातली. एकही टाका हलला नाही. परतकाळ पुढे वर्षातून एकदाच वाजला, सूर्यासाठी.

पोर मात्र जन्मल्यापासून रडत होती.

"आत्याबाई, ही गप्प कधी बसणार हो?" गोजरा कावून म्हणाली.

"बसेल," म्हाळसाक्का म्हणाली. "उद्या."

आणि तो शब्द तोंडातून निघताच ती नातीपेक्षाही मोठ्याने रडली.