चेअरमनचं दूध पहिलं

ढवळेवाडीच्या दूध डेअरीत, जिच्यावर दुधाचा दर ठरतो ती फॅट मोजायचं नवं मशीन आलं आणि चेअरमन बजरंगआबांचा जीव थाऱ्यावर राहिना. संध्याकाळी त्यांनी मशीन चालवणाऱ्या जयमालाला गाठलं.

"यातलं सॉफ्टवेअर बदल. गावाची फॅट एक पॉइंटनं कमी दिसली पाहिजे."

"आबा, कंपनीच्या परवानगीशिवाय त्याला हात लावला तर माझ्यावर केस होईल. आणि लोकांशी बेइमानी होईल ती वेगळीच."

"सकाळपर्यंत बदललं नाहीस, तर परवा या खुर्चीत दुसरी बाई बसेल."

जयमालानं मशीनवर कापड टाकलं आणि ती घरी गेली.

सकाळी रांग पार रस्त्यापर्यंत गेली होती. आबा आत येरझाऱ्या घालत होते. "झालं का?" त्यांनी हळूच विचारलं.

"मशीन तयार आहे, आबा."

डेअरीत एक पद्धत होती. चेअरमनच्या म्हशीचं दूध सगळ्यांत आधी घ्यायचं आणि न मोजताच आठ फॅट लिहायची. आज मात्र जयमालानं त्या दुधाचा नमुना सरळ मशीनला लावला. आकडा आला चार.

आबा उसळले. "अगं, माझी कशाला कमी केलीस? गावाची कर म्हणालो होतो मी! आधी होतं तसं कर ते मशीन!"

रांगेतली माणसं पुढं सरकून ऐकू लागली.

जयमाला खुर्चीतून उठली. "मशीन आधी होतं तसंच आहे, आबा. मी त्याला हातसुद्धा लावलेला नाही. आता उद्यापासून दूधही म्हशीनं दिलं तसंच आणा."