गप्प कोण, चोर कोण

रणधीरदादापुढे तोंड उघडायची गटात कुणाची टाप नव्हती. त्या दिवशी ऑनलाइन खेळ रंगला होता: चोर सोडून सगळ्यांनी होडीची भोकं बुजवायची आणि आपल्यातला लपलेला चोर चॅटवर मतं देऊन हुडकायचा. शाल्मली गटात नवीन होती. दादा सुरुवातीपासून लिहीत सुटला, "ही गप्प आहे, म्हणजे हीच चोर. हिला गटातूनही काढा!"

सगळे मत द्यायच्या बेतात होते. तेवढ्यात शाल्मलीने लिहिलं, "दादा, भोकं बुजवताना टाइप करता येत नाही, म्हणून मी गप्प होते. काम नसतं ते फक्त चोराला. तू एवढं भाषण कधी लिहिलंस रे?"

मतं धडाधड पडली, रणधीरवर. चोर तोच निघाला.

"शाल्मली, पुढच्या डावाला थांब गं!" चॅटवर कुणीतरी लिहिलं.