माहेरची विहीर

फार फार जुनी गोष्ट. इतकी जुनी, की त्या राजाचं नाव सांगणारं आता कुणी उरलं नाही, आणि त्यावाचून आपलं काही अडतही नाही.

त्या राजाची राणी आजारी पडली. अन्न जाईना, औषध पोटात ठरेना. एकच ध्यास: "माझ्या माहेरच्या विहिरीचं ओंजळभर पाणी मिळालं ना, तर मी उठून बसेन." माहेर लांब, डोंगरापलीकडे. घागरी आणवल्या, पण पाणी वाटेतच शिळं व्हायचं. वैद्य म्हणाले, "महाराज, राणीसाहेबांना पालखीतून तिकडेच न्या."

राजाचा जीव होता हो राणीवर! पण ताठाही होता. तो म्हणाला, "माझ्या राणीनं खेड्यात जाऊन ओंजळ धरायची? जमणार नाही. विहीरच इथे आणा."

आता याला काय म्हणावं! पण राजाला नाही कोण म्हणणार? गाडे गेले. काठ, पायऱ्या, आतलं बांधकाम, सगळं उचकटून गाड्यांत भरलं. गावच्या बायका रिकाम्या कळश्या घेऊन बघत राहिल्या. राजवाड्याच्या अंगणात खड्डा खणून विहीर पुन्हा जशीच्या तशी रचली. दोरानं काठावर पडलेल्या खाचासुद्धा जिथल्या तिथे होत्या.

पाणी तेवढं नव्हतं. मग राजानं तळ्याचं पाणी आणून तिच्यात ओतायला लावलं, आणि भरलेला पेला स्वतः राणीच्या ओठांना लावला. एक घोट घेऊन तिनं मान फिरवली.

"अगं, चिरा न् चिरा तिथलाच आहे!" राजा कळवळून म्हणाला. "मग मागे राहिलं तरी काय?"

"विहीर," राणी म्हणाली.

तेव्हा कुठे राजाचा ताठा उतरला. पालखी निघाली, राजा शेजारून पायी चालला. पण गावात पोचून बघतो तो काय! बांधकाम निघाल्यावर चहूकडची माती ढासळली होती आणि झरा खाली गाडला गेला होता. ज्या म्हातारीनं राणीला लहानपणी अंगाखांद्यावर खेळवलं होतं, तिच्यापुढे राजानं हात जोडले. "आजी, विहिरीचं ओंजळभर पाणी द्या. माझी राणी चालली हो!"

म्हातारीला रडू आवरेना. "लेकीला मी नाही म्हणेन का, महाराज? पण देऊ कुठून? विहीर तर तुम्ही नेलीत."

राणीनं तिथेच, पालखीत, तहानलेल्या ओठांनी प्राण सोडला. दगड सगळे राजाकडे होते. विहीर कुणाकडेच नव्हती.

लहानथोरांनो, ध्यानात असू द्या: वस्तू तिच्या मातीपासून आणि माणसांपासून तोडली, की हाती नुसतं सामान येतं, वस्तू उरत नाही.