न पटलेला शेवट

टोकियोतल्या एका स्टुडिओत इसोझाकी तीस वर्षं चित्रपटनिर्माते होते. त्यांच्या नव्या चित्रपटाच्या शेवटी म्हाताऱ्या सुताराला घरचेच अडगळीच्या खोलीत बसवून ठेवतात. स्टुडिओचे अध्यक्ष खेकसले, “शेवट बदला! जन्मभर राबलेल्या माणसाला असं कुणी टाकतं का? लोकांना पटणार नाही.”

इसोझाकींनी साफ नकार दिला. तिथे कुणाला कामावरून काढायची रीत नव्हती. नकोशा माणसाला खिडकीशी एक टेबल द्यायचं आणि काम मात्र द्यायचं नाही. इसोझाकींच्या वाट्याला तेच टेबल आलं.

वर्षभराने अध्यक्ष पाहुण्यांना स्टुडिओ दाखवत तिथे आले. हसत म्हणाले, “काय इसोझाकीसान, सध्या काय चाललंय?”

इसोझाकी उठून कमरेत वाकले. “त्याच चित्रपटाचा शेवट, साहेब. सुताराच्या जागी मी बसलोय. आता पटतो का?”

पाहुणे जमिनीकडे बघू लागले. अध्यक्ष त्यांना घेऊन निघून गेले. इसोझाकी परत खाली बसले. टेबल रिकामंच होतं.