टिटवीची तक्रार

फार पूर्वी, पाखरं आपली गाऱ्हाणी बोलून सांगत तेव्हाची गोष्ट. माळावरून पाणवठ्याकडे एकच वाट जात होती. साळिंदराने त्या वाटेवर काट्यांचं कुंपण घालून आपलं अंगण वाढवलं. टिटवी उडून पलीकडे जाई, पण तिच्या पिल्लांच्या पंखांत अजून बळ नव्हतं. ऊन तापलं होतं आणि पिल्लं चोची उघडून बसली होती.

वाट राखायचं काम घोरपडीकडे होतं. त्याबद्दल तिला उन्हात अंग शेकायला रुंद दगड मिळाला होता.

"मावशी, वाट अडलीय," टिटवी म्हणाली.

"बघते हं. आधी पाहणी करावी लागेल," घोरपड डोळे न उघडताच म्हणाली.

थोड्या वेळाने टिटवी पुन्हा आली.

"बघते म्हटलं ना! किती गं तुझी टिवटिव!"

टिटवीला एका जागी बसवेना. शेवटी ती म्हाताऱ्या गव्याकडे गेली. त्याचं सगळं रान ऐकत असे.

"साळिंदराची तक्रार ना?" गव्याने विचारलं.

"नाही आबा. त्याला हटवायचं काम मावशीचं आहे आणि ती ते करत नाही. माझी तक्रार मावशीबद्दल आहे."

गव्याने घोरपडीला बोलावलं. "सांजेच्या आत वाट मोकळी कर, नाहीतर तो दगड सोड."

घोरपड धावतच सुटली. साळिंदर काटे उचलताना कुरकुरलं, "मावशी, तू गप्प होतीस, मला वाटलं चालतंय."

सांजेला पिल्लं पाण्याशी पोचली. टिटवी मात्र अजून निवांत बसत नाही. रोज त्या दगडावरून ओरडत जाते, "मावशी, जागी आहेस ना?"