शंभरावा डाव

पुष्कळ पुष्कळ वर्षांपूर्वीची गोष्ट. नेमकी किती वर्षांपूर्वीची ते विचारू नका, कारण त्या काळी लोकांना वर्षं मोजण्यापेक्षा बुद्धिबळाचे डाव मोजण्यात जास्त गोडी होती. एक राज्य होतं, आणि त्या राज्यात लहानथोर सगळ्यांना या खेळाचं वेड होतं. न्हाव्याच्या ओट्यावर पट, देवळाच्या ओवरीत पट, विहिरीच्या काठावर पट. घरात भाजी करपली तर सासू सुनेला रागवायची नाही, आधी विचारायची, "डाव कोण जिंकलं?"

या राज्याची एक जुनी रीत होती. डाव संपला, की हरणाऱ्याने जिंकणाऱ्याला एक प्रश्न विचारायचा आणि जिंकणाऱ्याने त्याचं खरं उत्तर द्यायचं. खोटं बोलला तर त्याची जीत रद्द. रीत सोन्यासारखी होती, पण हरलेल्या माणसाचं डोकं ठिकाणावर असतं कुठे? कुणी विचारायचा, "ही पगडी कुठून घेतलीत?" कुणी विचारायचा, "झालं आता समाधान?" आणि तणतणत घरी जायचा.

याच राज्यात एक मोठा खेळाडू राहत होता. राजाने त्याला 'पटराज' ही पदवी दिली होती. अठरा वर्षांत तो एकही डाव हरला नव्हता. दरबारात मानाचा डाव जिंकला, की वाड्याच्या भिंतीवर एक रेघ ओढली जायची. पटराजाच्या नावावर नव्व्याण्णव रेघा झाल्या होत्या.

राजाने दवंडी पिटवली होती, "पटराज शंभरावा डाव जिंकला, की तो अजिंक्य. त्याची हत्तीवरून मिरवणूक निघेल, आणि पुढे जन्मभर त्याला कुणीही डावाला बोलावू शकणार नाही."

लोकांना वाटायचं, पटराज हत्तीसाठी हपापला आहे. पण त्याचा जीव अडकला होता तो दवंडीच्या शेवटच्या शब्दांत. जन्मभर कुणीही डावाला बोलावू शकणार नाही! हे ऐकून त्याला केवढं बरं वाटलं होतं. लहानपणी तो चिंचोक्यांचे हत्तीघोडे करून खेळायचा, हरला तरी खिदळायचा. पण जिंकायला लागला आणि हरण्याची भीती मागे लागली. जितक्या रेघा वाढल्या, तितकी भीती वाढली. आताशा पट नुसता दिसला तरी त्याच्या पोटात गोळा यायचा. गल्लीतली पोरं म्हणायची, "काका, एक डाव?" आणि हा अजिंक्य होऊ घातलेला गडी मान खाली घालून सटकायचा.

त्याचं जेवणही तुटलं होतं. ताटावर बसला की भाकरीकडे बघत राहायचा. बायको म्हणायची, "अहो, भाकरी आहे ती, वजीर नव्हे. उचला आणि खा."

शंभराव्या डावाला समोर कोण बसणार, हे पटराजानेच ठरवायचं होतं. त्याने खूप विचार केला. प्रधान? नको, प्रधान धूर्त. गावचा तेली? नको, घाण्याभोवती फिरता फिरता तो नव्या नव्या चाली शोधून काढतो. असं करता करता त्याला टोपल्या विणणारी एक बाई आठवली. दर वर्षी जत्रेत ती त्याच्याशी एक डाव खेळायची आणि हरायची. हरली, की एक प्रश्न विचारायची आणि हसत हसत निघून जायची. असं एकोणीस वेळा झालं असेल. त्यातली पहिली हार तर पटराजाला पदवी मिळण्याआधीची होती.

"एकोणीस वेळा हरलेली बाई विसाव्यांदा काय दिवे लावणार?" पटराज स्वतःशी म्हणाला. त्या दिवशी त्याने दोन भाकऱ्या खाल्ल्या.

बायको मात्र विचारात पडली. "ती दर वेळी विचारते तरी काय तुम्हाला?"

"काहीबाही. एकदा म्हणाली, मधेच मिशीला हात का लावलात? मी सांगितलं, तुझा उंट माझ्या नजरेतून सुटला होता, घाबरलो की हात मिशीकडे जातो. एकदा म्हणाली, तुमचं सगळ्यात कमी लक्ष कोणत्या सोंगटीकडे असतं? मी म्हटलं, प्याद्यांकडे. त्यांच्याकडे बघायला वेळ कुणाला आहे?"

"आणि यंदाच्या जत्रेत?"

पटराज जरा घुटमळला. "विचारलंन, तुम्हाला खेळताना मजा येते का? खरं सांगायची रीत, काय करणार. सांगितलं, नाही येत. भीती वाटते."

बायकोने कपाळाला हात लावला. "एकोणीस खऱ्या गोष्टी! मी इतकी वर्षं तुमचा संसार करते, मला तरी कधी इतकं खरं बोललात का?"

पण पटराजाने तिकडे लक्ष दिलं नाही. कमी हरलेल्याला त्याने टाळलं आणि जास्त हरलेलीला निवडलं. त्या राज्यातला शहाणा माणूस अशीच चूक करणार, दुसरी कोणती?

डावाचा दिवस उजाडला. दरबार गच्च भरला. बाहेर हत्ती झूल घालून उभा होता, आचारी जिलब्या तळत होते. टोपल्या विणणारी बाई आली, पदर खोचून पटासमोर बसली आणि राजाला नमस्कार करून म्हणाली, "करा सुरू."

पटराज झपाझप चाली करू लागला. बाईचा वजीर डावीकडे एकटाच भटकताना दिसला, तसे त्याचे घोडे, उंट आणि खुद्द वजीर त्याच्यामागे धावले. शेवटी वजीर सापडला आणि मारला गेला. दरबाराने टाळ्यांचा कडकडाट केला. माहुताने हत्तीला खाली बसवलं.

बाईने शांतपणे उजवीकडचं एक प्यादं एक घर पुढे सरकवलं.

पटराजाने पटाकडे पाहिलं. काहीतरी बिनसलं होतं, पण काय ते कळेना. त्याचा हात मिशीकडे गेला, मग त्याने अंदाजानेच एक घोडा हलवला. बाईने मिशीवरचा तो हात पाहिला होता. तिने प्यादं आणखी एक घर पुढे नेलं. त्या प्याद्याला मागून दुसऱ्या प्याद्याचा जोर होता. पटराजाचा राजा कोपऱ्यात आपल्याच हत्ती आणि प्याद्यांच्या गर्दीत अडकला होता. त्याला हलायला जागा नव्हती. लढणारी सगळी फौज पटाच्या दुसऱ्या टोकाला.

"शह," बाई म्हणाली. मग थोडं थांबून, हळूच, "आणि मात."

प्याद्याने केलेली मात! त्या राज्यात यापरता मोठा मान नव्हता आणि यापरती मोठी नामुष्कीही नव्हती. राजाला घाम फुटला. त्याने बाहेरच्या हत्तीकडे पाहिलं, जिलब्यांच्या राशीकडे पाहिलं आणि घसा खाकरून म्हणाला, "हे चुकून झालं. पटराजाचं लक्ष नव्हतं. डाव पुन्हा मांडा. हा धरायचा नाही."

सगळ्यांच्या नजरा पटराजाकडे वळल्या. नुसती मान हलवली असती तरी काम झालं असतं. डाव पुन्हा मांडला असता, आता तो सावध राहिला असता, जिंकलाही असता. शंभरावी रेघ हातभर अंतरावर होती. आणि त्यानंतर जन्मभराची सुटका.

पटराजाने खोल श्वास घेतला आणि तो चपापला. पोटात गोळा नव्हता! अठरा वर्षं ज्याला घाबरून होता, ते घडून गेलं होतं, आणि छत कोसळलं नव्हतं की धरणी दुभंगली नव्हती. उलट त्याला कडकडून भूक लागली होती.

"महाराज," तो उठून म्हणाला, "मात झाली आहे. चुकून नव्हे, चांगली ठरवून झाली आहे. मी हरलो."

आणि तो हसला. आधी जरासा, मग मोठ्याने. दरबारात मागे बसलेल्या त्याच्या बायकोने ते हसू शेवटचं लग्नानंतरच्या पहिल्या वर्षात पाहिलं होतं. तिने डोळ्यांना पदर लावला.

"आता तुमचा प्रश्न, पटराज," बाईने आठवण केली. "रीत आहे."

पटराजाला आठवेना, शेवटचा प्रश्न आपण कधी विचारला होता. मग त्याने विचारलं, "बाई, एकोणीस वेळा हरलीस. दर वेळी हसत कशी गं घरी जायचीस?"

"हसू नको तर काय करू?" बाई म्हणाली. "रिकामी टोपली घेऊन यायची आणि भरलेली घेऊन जायची. त्यात रडण्यासारखं काय आहे, तुम्हीच सांगा."

राजा मनाचा मोठा होता. तो म्हणाला, "मग हत्तीवर तू बस." बाईने हात जोडले. "नको महाराज, उंचावर मला चक्कर येते. जिलब्या तेवढ्या बांधून द्या." शेवटी हत्तीवर गल्लीतली सात पोरं बसली, आणि मिरवणूक इतकी दणक्यात निघाली की कुत्रीसुद्धा भुंकायची थांबली.

दुसऱ्या दिवशी सकाळी पटराजाने काखेत पट मारला आणि न्हाव्याचा ओटा गाठला. जो येईल त्याच्याशी तो खेळला. त्या वर्षात तो तेल्याकडून हरला, प्रधानाकडून हरला, गल्लीतल्या एका सात वर्षांच्या पोरीकडूनही हरला. एकूण चौदा डाव हरला आणि चौदा प्रश्न विचारले. वर्ष सरल्यावर राज्यातल्या जुन्या जाणत्यांनी एकमुखाने सांगितलं, की पटराजाचा खेळ इतका बहरलेला त्यांनी कधीच पाहिला नव्हता.

तात्पर्य: जो हरायला भितो त्याचं शिकणं थांबतं, आणि जो हरूनही विचारतो त्याला कुणी थांबवू शकत नाही.